ज्यू सैनिकांच्या आठवणी कोणासाठी?

(युवा कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. इतिहास मी कॉलेजात शिकलेलो नाही. पण माहिती साठवणं, ती शोधता येईल अशी ठेवणं आणि ती खरी आहे का हे तपासणं, हे माझं रोजचं काम. त्यामुळे जगात कुठल्या समाजाने आपल्या आठवणी कशा जपल्या, हे पाहायची सवय लागली. असंच पाहता पाहता मी दुसऱ्या महायुद्धात लढलेल्या ज्यू सैनिकांच्या मुलाखतींपर्यंत पोहोचलो. नव्वदीतली माणसं कॅमेऱ्यासमोर बसून नातवंडांच्या वयाच्या मुलामुलींना सांगतात: मी विशीत होतो, बंदूक हातात होती, आणि पुढे असं असं झालं. आज मला त्याविषयी बोलायचं आहे.

ज्यू सैनिक म्हटलं की तुमच्यातल्या काहींच्या मनात लगेच इस्रायल आलं असेल. त्यावरही मी बोलणार आहे, तो विषय टाळणार नाही. पण ही गोष्ट इस्रायलपेक्षा जुनी आहे. इस्रायलची स्थापना १९४८ची. त्याआधी ज्यू माणसं ज्या देशात राहत होती त्या देशाच्या फौजेत लढली. जर्मनीकडून लढली, रशियाकडून लढली, ब्रिटन आणि अमेरिकेकडून लढली. पहिल्या महायुद्धात तर खंदकाच्या दोन्ही बाजूंना ज्यू सैनिक होते. आणि अनेक देशांत त्यांना घरी परतल्यावर तोच एक प्रश्न विचारला गेला: तुम्ही खरंच आमचे आहात का? लढायची वेळ आली तेव्हा तुम्ही कुठे होतात?

हा प्रश्न आपल्याला अनोळखी नाही. म्हणून त्यांनी त्याला काय काय उत्तरं दिली, आणि त्यातलं कुठलं उत्तर कामाला आलं, हे आपण नीट पाहू.

जर्मनी: मोजणी आणि पदकं

सुरुवात जर्मनीपासून करतो. पहिल्या महायुद्धाच्या वेळी तिथे साडेपाच लाखांच्या आसपास ज्यू राहत होते. त्यातले सुमारे एक लाख सैन्यात होते. बायका, मुलं, म्हातारे सगळे धरून दर पाच-सहा माणसांमागे एक. सुमारे बारा हजार मारले गेले.

युद्ध चालू असतानाच कुजबुज सुरू झाली की ज्यू आघाडीवर जात नाहीत, मागे कचेरीत लपून बसतात. ऑक्टोबर १९१६मध्ये प्रशियाच्या युद्ध मंत्रालयाने हुकूम काढला की सैन्यातले ज्यू मोजा. आघाडीवर किती, मागे किती, सूट मिळालेले किती. मोजणी फक्त ज्यूंची. जो शिपाई चिखलात उभा होता, त्याच्यासमोर त्याचाच अधिकारी कागद घेऊन आला आणि विचारू लागला की तू लढतोयस ना?

मोजणीचे आकडे युद्ध संपेपर्यंत जाहीर झाले नाहीत. त्यामुळे कुजबुज खरी असणार, असंच लोकांना वाटत राहिलं. युद्धानंतर एका ज्यूद्वेष्ट्या लेखकाने टोपणनावाने त्यातले आकडे मोडतोड करून छापले. फ्रांझ ओपनहायमर या समाजशास्त्रज्ञाने ते कसे चुकीचे आहेत हे दाखवून दिलं. पण तोवर बदनामी घरोघर पोहोचली होती.

आमच्या धंद्यात एक साधी गोष्ट शिकवतात: आधी प्रश्न तपासा, मग उत्तर शोधा. फक्त एका गटाची मोजणी करायची असं ठरवलंत, तर आकडा काहीही येवो, संशय आधीच नोंदवला गेलेला असतो. ज्या प्रश्नातच आरोप आहे, त्याला आकडेवारीने उत्तर देऊन तो आरोप पुसला जात नाही.

तरीही जर्मनीतल्या ज्यू सैनिकांनी आकडेवारीनेच उत्तर द्यायचा प्रयत्न केला. १९१९ साली लिओ लोवेनस्टाइन या कॅप्टनने आघाडीवर लढलेल्या ज्यू सैनिकांची संघटना काढली. ते स्वतः शास्त्रज्ञ होते. शत्रूची तोफ कुठे आहे हे तिच्या आवाजावरून शोधण्याच्या पद्धतीवर त्यांनी काम केलं होतं. या संघटनेने पत्रकं वाटली, सभा घेतल्या, आमचे बारा हजार मेले असं ओरडून सांगितलं. १९३२ साली त्यांनी मृत ज्यू सैनिकांच्या नावांचं पुस्तक छापलं. त्यात दहा हजारांहून अधिक नावं होती. नाव, गाव, कधी मारला गेला. यादी बिनतोड होती.

पुढच्याच वर्षी हिटलर सत्तेवर आला. एप्रिल १९३३मध्ये ज्यूंना सरकारी नोकरीतून काढायचा कायदा झाला. राष्ट्राध्यक्ष हिंडेनबर्ग जुने सेनापती. त्यांच्या आग्रहामुळे आघाडीवर लढलेल्यांना सूट मिळाली. म्हणजे पदक काही काळ उपयोगी पडलं. पण फक्त १९३५पर्यंत. त्या वर्षी न्युरेंबर्गचे कायदे आले आणि सूट गेली. त्याच १९३५ साली या संघटनेने मृत सैनिकांनी घरी लिहिलेली पत्रं पुस्तकरूपाने छापली. देश आपल्याला नाकारतो आहे हे दिसत असताना, त्या देशासाठी मेलेल्या मुलांची पत्रं त्याच देशाला दाखवायची, या कामात किती आशा आणि किती हतबलता असेल, याचा विचार करा. १९३८मध्ये संघटनाच बंद केली गेली. लोवेनस्टाइन यांना थेरेझिनश्टाटच्या छावणीत पाठवलं. ते वाचले. पदकं मिळवलेले अनेक म्हातारे सैनिक तिथे नेले गेले, आणि त्यातल्या कितीतरी जणांना पुढे ऑश्विट्झला नेऊन मारलं.

खुद्द हिटलरला १९१८ साली पहिल्या श्रेणीचा आयर्न क्रॉस मिळाला, त्याची शिफारस ह्यूगो गुटमान या ज्यू अधिकाऱ्याने केली होती. गुटमान यांनाही देश सोडावा लागला.

यावरून ते लोक भोळे होते असं मी म्हणणार नाही. त्यांच्या जागी आपण असतो तर आपणही यादीच केली असती. पण त्यांच्या आठवणी ज्यांना ऐकवायच्या होत्या, तो श्रोता ऐकायलाच बसलेला नव्हता. हे मनात ठेवून आता अमेरिकेत जाऊ.

अमेरिका: यादीपासून गोष्टीपर्यंत

अमेरिकेतही सुरुवात यादीनेच झाली. तिथल्या यादवी युद्धात, म्हणजे १८६१ ते १८६५, ज्यू दोन्ही बाजूंनी लढले होते. पण ज्यू लढले नाहीत असं छापून येऊ लागलं, तेव्हा १८९६मध्ये न्यूयॉर्कमधल्या ज्यू सैनिकांनी एकत्र येऊन संघटना काढली. तीच आज ‘ज्यूइश वॉर वेटरन्स’ या नावाने चालू आहे. वॉशिंग्टनमध्ये तिचं संग्रहालय आहे.

इथे यादीला थोडं यश आलं. मार्क ट्वेनसारख्या मोठ्या लेखकाने १८९९ साली ज्यूंविषयी बरंच चांगलं लिहिताना, ते सैन्यात जायला नाखूश असतात अशा अर्थाचं एक विधान केलं होतं. नंतर युद्ध खात्याचे आकडे पाहिल्यावर त्याने ते मागे घेतलं आणि ज्यू सैनिकांवर वेगळी पुरवणी लिहिली. म्हणजे ऐकणारा प्रामाणिक असेल तर पुरावा चालतो. म्हणून पुरावे ठेवलेच पाहिजेत. फक्त त्यांच्यावरच सगळी भिस्त ठेवू नये.

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या सैन्यात सुमारे साडेपाच लाख ज्यू होते. ते परत आले, नोकरीधंद्याला लागले, आणि त्यातले बहुतेक कित्येक वर्षं गप्प राहिले. मुलांनी विचारलं तर एखादा विनोद सांगायचा आणि विषय बदलायचा. बोलते झाले ते म्हातारपणी. २०००मध्ये अमेरिकी संसदेने ‘व्हेटरन्स हिस्टरी प्रोजेक्ट’ हा उपक्रम सुरू केला. ज्यू असो की नसो, कुठल्याही सैनिकाची किमान अर्ध्या तासाची मुलाखत कुणीही घ्यावी आणि संसदेच्या ग्रंथालयाला द्यावी. मुलाखत घेणारा इतिहासकार असायची गरज नाही. नातू चालेल, शेजारी चालेल, शाळेतली मुलगी चालेल. आज तिथे एक लाखाहून अधिक सैनिकांचे संग्रह आहेत.

अशा आठवणींमधून काय बाहेर येतं, याची दोन उदाहरणं सांगतो.

पहिलं गाय स्टर्न यांचं. जन्म १९२२, जर्मनीतलं हिल्डेसहाइम गाव. पंधराव्या वर्षी आईवडिलांनी त्यांना एकटं अमेरिकेत मामांकडे पाठवलं. बाकी कुटुंब मागे राहिलं आणि मारलं गेलं. स्टर्न अमेरिकी सैन्यात गेले. मेरीलँडमधल्या कॅम्प रिची या तळावर त्यांना कैद्यांची चौकशी करायचं शिक्षण मिळालं, कारण जर्मन त्यांची मातृभाषा होती. नॉर्मंडीत उतरून ते जर्मन कैद्यांना प्रश्न विचारू लागले. एक कैदी बोलेना, दुसरा बोलेना. मग त्यांनी आणि त्यांच्या सोबत्याने एक नाटक रचलं. स्टर्न रशियन कमिसारचा वेश करून बसायचे आणि सोबती कैद्याला सांगायचा, तू बोलला नाहीस तर मला तुला या रशियनाच्या हवाली करावं लागेल. सैबेरियाच्या भीतीने माणसं बोलायची.

स्टर्न पुढे जर्मन साहित्याचे प्राध्यापक झाले. ज्यांनी घर संपवलं त्यांचीच भाषा आणि कविता त्यांनी आयुष्यभर शिकवली. म्हातारपणी मिशिगनच्या होलोकॉस्ट संग्रहालयात ते तरुणांशी बोलत राहिले. ९८व्या वर्षी त्यांनी आत्मचरित्र छापलं, १०१व्या वर्षी ते गेले. ही नाटकाची गोष्ट सांगताना ते हसायचे. वडिलांविषयी सांगताना आवाज बदलायचा. हे कुठल्याच यादीत मावलं नसतं.

दुसरं उदाहरण एका अक्षराचं. अमेरिकी सैनिकाच्या गळ्यातल्या बिल्ल्यावर त्याचा धर्म एका अक्षरात कोरलेला असे. ज्यू असेल तर ‘एच’, हिब्रूचा. तो अमेरिकी असेपर्यंत ते नुसतं अक्षर. जर्मनांच्या हाती सापडला तर तेच अक्षर मृत्यूचं कारण होऊ शकत होतं. बिल्ला ठेवायचा की फेकायचा? अनेक ज्यू सैनिकांच्या आठवणींत हा प्रश्न येतो. काहींनी तो जमिनीत पुरला, काहींनी ठेवला.

जानेवारी १९४५मध्ये जर्मनीतल्या एका युद्धकैदी छावणीत हुकूम आला की उद्या सकाळी फक्त ज्यू कैद्यांनी बाहेर उभं राहायचं. तिथल्या अमेरिकी कैद्यांमध्ये सर्वांत वरिष्ठ होता मास्टर सार्जंट रॉडी एडमंड्स. हा ख्रिश्चन, टेनेसीचा. सकाळी त्याने हजाराहून अधिक अमेरिकी कैदी एकत्र उभे केले आणि जर्मन अधिकाऱ्याला सांगितलं की इथे सगळेच ज्यू आहेत. अधिकाऱ्याने पिस्तूल रोखलं. एडमंड्स म्हणाला, मारायचं तर सगळ्यांना मारावं लागेल, आणि युद्ध संपल्यावर तुमच्यावर खटला चालेल. अधिकारी निघून गेला. सुमारे दोनशे ज्यू सैनिक वाचले.

एडमंड्सने ही गोष्ट स्वतःच्या घरी कधी सांगितली नाही. १९८५ साली तो वारला. त्याच्या मुलाला ती कळली, ती त्या छावणीतल्या ज्यू सैनिकांच्या तोंडून. त्यातल्या एकाने वर्तमानपत्राशी बोलताना ती सांगितली होती, आणि बरीच वर्षं उलटल्यावर ते लिखाण या मुलाच्या वाचनात आलं. २०१५ साली याद वाशेम या संस्थेने एडमंड्सचा मरणोत्तर गौरव केला. बघा, ज्यू सैनिकांनी आपली आठवण जपली, म्हणून एका ख्रिश्चन माणसाला आपला बाप कळला. आपण आपल्या समाजाच्या आठवणी गोळा करतो तेव्हा त्या फक्त आपल्या समाजाच्या नसतात.

सोव्हिएत रशिया: कुणी विचारलंच नाही

आता रशियाकडे. हिटलरविरुद्धची सगळ्यात मोठी जमिनीवरची लढाई लाल सैन्य लढलं. त्यात सुमारे पाच लाख ज्यू होते, असा सर्वसाधारण अंदाज आहे. एकच नाव सांगतो: पोलिना गेलमान. इतिहासाची विद्यार्थिनी. महिलांच्या रात्रपाळीच्या बॉम्बर रेजिमेंटमध्ये ती दिशादर्शक होती. विमानं लाकडी आणि कापडी, दोन पंखांची, एरवी प्रशिक्षणाला वापरायची. अशा विमानातून तिने ८६० उड्डाणं केली आणि तिला ‘सोव्हिएत संघाचा वीर’ हा किताब मिळाला.

आणि तरीही तिकडे लोक म्हणायचे की ज्यूंनी युद्ध ताश्कंदमध्ये काढलं. ताश्कंद आघाडीपासून हजारो किलोमीटर मागे. थट्टेतला ‘ताश्कंदचा मोर्चा’ हा शब्द ऐकत ऐकत ही माणसं घरी परतली. वासिली ग्रॉसमान आणि इल्या एहरेनबुर्ग या दोन ज्यू लेखकांनी, दोघेही आघाडीवरचे वार्ताहर, ज्यूंच्या कत्तलींची साक्ष गोळा करून ‘काळं पुस्तक’ तयार केलं होतं. १९४८मध्ये त्याचे जुळवलेले खिळे मोडून टाकले. युद्धात सरकारसाठी काम केलेली ज्यू समिती बरखास्त झाली आणि ऑगस्ट १९५२मध्ये तिच्या नेत्यांना गोळ्या घातल्या. तिथे यादी करायचीही सोय नव्हती.

म्हणून या सैनिकांच्या मुलाखती मला सगळ्यात जास्त भिडतात. सोव्हिएत संघ मोडल्यावर यातले पुष्कळ जण अमेरिकेत, इस्रायलमध्ये, जर्मनीत जाऊन राहिले. न्यूयॉर्कच्या ब्रायटन बीच भागात ९ मे या विजयदिनी छातीभर पदकं लावून चालणारे म्हातारे दिसायचे. २००५ साली न्यूयॉर्कमध्ये स्थापन झालेल्या ब्लावाट्निक संग्रहाने अशा हजाराहून अधिक सैनिकांच्या चित्रित मुलाखती घेतल्या. वेगवेगळ्या देशांत, त्यांच्या घरी जाऊन.

या मुलाखती तोफांपासून सुरू होत नाहीत. आधी घर येतं. आई काय रांधायची, घरात कुठली भाषा बोलायचे, शाळा कुठली. मग युद्ध. मग परत आल्यावर घर होतं की नव्हतं. भूक, उवा, ओले बूट, मेलेला मित्र, आणि कधी कधी सोबतच्याच सैनिकाने धर्मावरून मारलेला टोमणा. त्याच तोंडातून, त्याच टोमणा मारणाऱ्याने मला खांद्यावर उचलून आणलं, हेही येतं. इथे कुणी निष्ठा सिद्ध करत नाही. माणूस आपलं आयुष्य सांगतो. आणि ऐकणाऱ्या तरुणाला त्यातून शौर्यही कळतं, भीतीही कळते, आणि युद्ध ही हौस करायची गोष्ट नाही, हेही कळतं.

इस्रायल: सैनिकच साक्ष देतो तेव्हा

आता इस्रायल. इथे ज्यू सैनिक संशय घेतलेल्या अल्पसंख्याकाचा शिपाई नाही, सत्तेचा शिपाई आहे. मग आठवणीचं काम बदलतं.

जून १९६७च्या युद्धात इस्रायल जिंकला आणि देशात जल्लोष झाला. त्याच उन्हाळ्यात अवराहाम शापिरा आणि लेखक अमोस ओझ टेप रेकॉर्डर घेऊन किबुत्झांमध्ये, म्हणजे सामुदायिक शेतीच्या वस्त्यांमध्ये फिरले आणि लढून आलेल्या तरुणांना बोलतं केलं. जिंकलेले सैनिक आनंदाने बोलतील अशी लोकांची अपेक्षा. पण ते मारलेल्या माणसांविषयी बोलले, घरातून हाकलल्या जाणाऱ्या अरब कुटुंबांविषयी बोलले. छापून आलेलं पुस्तक खूप खपलं, पण त्यातला बराच भाग आधीच गाळला गेला होता. ते जुने टेप २०१५ साली ‘सेन्सॉर्ड व्हॉइसेस’ या माहितीपटात ऐकवले गेले. त्यात सत्तरीकडे झुकलेली माणसं आपलाच विशीतला आवाज गप्प बसून ऐकतात.

२००४ साली हेब्रॉनमध्ये ड्युटी केलेल्या काही इस्रायली सैनिकांनी ‘ब्रेकिंग द सायलेन्स’ ही संघटना काढली. पॅलेस्टिनी भागात आम्ही नाक्यावर काय केलं, रात्री घरांत कसे शिरलो, याच्या हजाराहून अधिक सैनिकांच्या साक्षी त्यांनी नोंदवल्या, तपासल्या आणि छापल्या. देशातले पुष्कळ लोक त्यांना गद्दार म्हणतात. २०१८ साली तिथल्या संसदेने असा कायदा केला की अशा संघटनांना शाळांमध्ये बोलायला बंदी घालता येईल. म्हणजे सैनिकाची आठवण तरुणांपर्यंत पोहोचण्याची धास्ती सरकारला वाटते. आणखी एक संघटना आहे, २००६ची, ‘कॉम्बॅटंट्स फॉर पीस’. तिच्यात एकेकाळी लढलेले इस्रायली आणि पॅलेस्टिनी दोघेही आहेत. ते एकमेकांसमोर बसून आपापली गोष्ट सांगतात, आणि मग तरुणांना सांगतात.

इथे एक गोष्ट स्पष्ट बोलली पाहिजे. ज्याच्या घरात सैनिक शिरला, त्याची साक्ष सैनिकाच्या पश्चात्तापाने भरून निघत नाही. ती वेगळी ऐकली पाहिजे, आणि आधी ऐकली पाहिजे. पण सैनिक स्वतः सांगतो की होय, मी हे केलं, तेव्हा नाकारणाऱ्यांची बोलती बंद होते. ‘ज्यू’ या शब्दामागे आपण एकच चेहरा बघत असू, तर या माणसांकडेही बघायला हवं. आपल्याविषयी लोक एका शब्दात निकाल लावतात तेव्हा आपल्याला ते खुपतं. मग दुसऱ्यांविषयी आपणही तसा निकाल लावू नये.

आपल्या मातीतले

ही गोष्ट आपल्या दारातही आहे. बेने इस्रायल समाज कोकणातला. मराठी बोलणारे ज्यू, ज्यांना जुनी माणसं शनिवार तेली म्हणायची, कारण ते तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी काम बंद ठेवायचे. त्यांच्यातले पुष्कळ जण कंपनीच्या मुंबई फौजेत शिपाई झाले. सॅम्युएल दिवेकर हे त्यातलेच. टिपू सुलतानच्या कैदेतून ते सुखरूप सुटले आणि १७९६ साली त्यांनी मुंबईत सिनेगॉग बांधलं, अशी त्या समाजाची आठवण आहे. ते सिनेगॉग आजही मांडवीच्या सॅम्युएल स्ट्रीटवर, मुसलमान वस्तीत उभं आहे. मशीद बंदर हे नाव त्या ‘जुन्या मशिदी’वरूनच पडलं असं मानतात.

याच समाजातले पुण्याचे बेंजामिन अब्राहम सॅमसन नौदलात व्हाइस ॲडमिरल झाले. १९६५च्या युद्धात भारतीय ताफ्याची धुरा त्यांच्याकडे होती. नृत्यांगना लीला सॅमसन त्यांच्या कन्या. आणि कोलकात्याच्या बगदादी ज्यू घरातले लेफ्टनंट जनरल जे. एफ. आर. जेकब, ज्यांनी १६ डिसेंबर १९७१ला ढाक्यात पाकिस्तानी सेनापतीशी शरणागतीची बोलणी केली, पुढे गोव्याचे राज्यपाल झाले. त्यांनी पुस्तकं लिहिली, तरुणांपुढे पुष्कळ बोलले. युद्धाच्या आखणीचं श्रेय कुणाचं, यावर त्यांच्या लिखाणावरून वादही झाला. तो वाद मला महत्त्वाचा वाटतो. आठवण पवित्र म्हणून ठेवायची नसते. ती दुसऱ्यांच्या आठवणींशी, कागदपत्रांशी ताडून पाहायची असते.

मग आपण काय करायचं?

दर २६ जानेवारीला आपल्या ग्रुपवर ब्रिगेडियर उस्मान आणि वीर अब्दुल हमीद यांचे फोटो फिरतात. फिरू द्या, मलाही अभिमान आहे. पण त्याखाली कुणीतरी ‘बघा, आम्हीसुद्धा’ असं लिहितं, तेव्हा मला जर्मनीतलं ते नावांचं पुस्तक आठवतं. नागरिक म्हणून आपला हक्क संविधानाने दिलेला आहे, तो कुणाच्या हौतात्म्याची पावती दाखवून मिळवायचा नाही. ज्याच्या घरातलं कुणी फौजेत गेलं नाही, त्याचाही हक्क तेवढाच आहे.

मग सैनिकांच्या आठवणी कशाला हव्यात? आपल्या मुलांसाठी. आपल्या घरांतही फौजेत, नौदलात, पोलिसांत, जहाजांवर आयुष्य काढलेले नाना, दादा, चाचा आहेत. त्यांची नावं कुठल्याही फोटोत नाहीत. त्यांच्याकडे बसा. मुलाखतीसाठी चार गोष्टी सांगतो, अगदी कामाच्या.

एक, युद्धापासून सुरुवात करू नका. गाव, घर, आई, भरती व्हायचं का ठरवलं, तिथून सुरू करा.

दोन, शौर्य विचारू नका. सकाळी काय खायचात, भीती कधी वाटली, शेजारी कोण झोपायचं, रमजानमध्ये काय करायचात, हे विचारा. ज्याविषयी ते बोलू इच्छित नाहीत, तिथे थांबा.

तीन, फाइलला नाव द्या. ‘व्हिडिओ १२’ या नावाची फाइल पाच वर्षांनी कुणालाच सापडत नाही. माणसाचं नाव, जन्मसाल, गाव, मुलाखतीची तारीख, भाषा, आणि कुठल्या मिनिटाला काय आहे, एवढं एका पानावर लिहा. तीन ठिकाणी प्रती ठेवा, त्यातली एक घराबाहेर. फोन हरवला तरी चालेल अशी व्यवस्था करा.

चार, परवानगी घ्या. कुठला भाग सगळ्यांना दाखवायचा आणि कुठला फक्त घरात ठेवायचा, हे सांगणाऱ्याने ठरवायचं. त्यांनी सांगितलेल्या तारखा, ठिकाणं नंतर ताडून पाहा, पण त्यांच्या तोंडातलं बदलू नका. ते ज्या बोलीत बोलतील त्या बोलीत राहू द्या, मग ती कोकणी असो, दखनी असो की मराठी.

ज्यू सैनिकांची ती पिढी आता जवळजवळ संपली. १९४५ साली जो वीस वर्षांचा होता तो आज शंभरीच्या घरातला. ज्यांनी वेळेत विचारलं त्यांच्याकडे आवाज उरला आहे. आपल्याकडे १९६५ आणि १९७१ला फौजेत असलेली माणसं आज सत्तरी-ऐंशीच्या पुढे आहेत. त्यांना विचारायला आपल्याकडे फार वर्षं नाहीत.

शिबिरातून घरी गेलात की या आठवड्यात एकाला तरी भेटा. अर्धा तास पुरे. फोन समोर ठेवा, आणि पहिला प्रश्न विचारा: नाना, तुम्ही घरातून निघालात त्या दिवशी आईने काय बांधून दिलं होतं?